वाटेवरचे थांबे

दिवाळीत पाहुणा घरी आला की आपण त्याला आधी काय दाखवतो? दारातली रांगोळी, बैठकीत मांडलेला फराळ, भिंतीवरचा वडिलांचा फोटो, धाकट्याने शाळेत मिळवलेला चषक. माळ्यावर कोंबलेली अडगळ, पावसाळ्यात गळलेला कोपरा, मागच्या दारी भांडी घासणारी बाई, ह्यांच्याकडे त्याची पाठ राहील अशा बेताने आपण त्याला बसवतो. ह्यात कोणाला लबाडी दिसत नाही. ती रीतच आहे. पाहुणाही ती जाणतो आणि आपल्या घरी तसाच वागतो. पण घराच्या जागी गाव आले आणि ओळखीच्या पाहुण्याच्या जागी परका माणूस आला, म्हणजे ही रीत तितकीच निरुपद्रवी राहते का? हा प्रश्न गेली काही वर्षे माझ्या डोक्यात घोळतो आहे. तो वाचकांपुढे मांडून पाहावा म्हणून हे चार शब्द.

प्रश्न पडण्याचे कारण साधे आहे. मी बीड जिल्ह्यातल्या अंबाजोगाईस राहतो, तिथल्या एका लहानशा शाळेत शिकवतो. माझे स्वतःचे शिक्षण मॅट्रिकच्या पुढे गेलेले नाही. पुढचे जे काही आले ते मुलांना शिकवताना आणि वाचनालयाच्या कपाटांतून आले. रात्री कादंबऱ्या लिहितो, आणि सुट्टीच्या दिवशी कोणी आले तर त्यांना पायी गाव दाखवतो. पैसे घेत नाही. पैसे घेतले की समोरच्याला आवडेल तेच बोलावे लागते, अशी माझी समजूत आहे. ती बरोबर असेलच असे नाही. येणाऱ्यांत नाना तऱ्हा असतात. कुलदेवतेच्या दर्शनाला आलेली कोकणातली कुटुंबे, सहलीची मुले, हातात वही घेतलेले विद्यार्थी, आणि पुण्यामुंबईकडचे निवृत्त गृहस्थ, ज्यांना गुडघे दुखत असूनही सगळे पाहायचेच असते. दोन-अडीच तास चालायचे, सात-आठ ठिकाणी थांबायचे, प्रत्येक ठिकाणी पाच-दहा मिनिटे बोलायचे, एवढाच तो कार्यक्रम. चालण्यात विशेष काही नाही. सगळे काही थांबण्यात आहे. आपण जिथे थांबलो तेवढे गाव पाहुणा मनात घेऊन जातो. जिथून नुसते चालत गेलो ते त्याच्या लेखी नसतेच.

पहिला थांबा अर्थातच योगेश्वरीचे देऊळ. कोकणातल्या कित्येक चित्पावन घराण्यांची ही कुलदेवता. समुद्राकाठच्या माणसांची देवी इतक्या लांब बालाघाटाच्या माथ्यावर कशी, असे त्या घरांतली मुलेच विचारतात. मग कथा सांगावी लागते. देवी परळीच्या वैजनाथाशी लग्न करायला कोकणातून निघाली, वऱ्हाड इथवर आले, मुहूर्त टळला, आणि सगळे वऱ्हाड जागच्या जागी दगड झाले. देवी कुमारिका राहिली ती इथेच. पुरावा हवा असला तर लोक हत्तीखान्यात नेतात. हत्तीखाना म्हणजे गावाच्या कडेला खडकात कोरलेली शिवलेणी. तिथे दगडाचे हत्ती उभे आहेत. हे हत्ती त्याच वऱ्हाडातले, असे म्हटले की मुले खूश होतात, मीही म्हणतो. ती कथा आहे असे सांगून कथा सांगितली तर कोणाची फसवणूक होत नाही, आणि आठ वर्षांच्या मुलाला तर ते न सांगताही कळते.

मुकुंदराजांच्या समाधीपाशी मात्र थोडी पंचाईत होते. समाधी गावाबाहेर, डोंगराच्या दरीत आहे. शके १११० मध्ये, म्हणजे इसवी सन ११८८ साली, मुकुंदराजांनी ‘विवेकसिंधु’ रचला, तो मराठीतला आद्य ग्रंथ, असे आम्ही शाळेत शिकलो आणि शिकवतो. पण नागपूर जिल्ह्यात वैनगंगेच्या काठी आंभोरे नावाचे गाव आहे. मुकुंदराज आमचे, असे तिकडचे लोक म्हणतात, आणि ग्रंथात आलेला नदीचा व नगरीचा उल्लेख ते आपल्या बाजूने लावतात. ग्रंथाच्या काळाविषयीही विद्वानांत मतभेद आहेत. हे सगळे मी समाधीपाशी उभा राहून सांगतो. गावातल्या माझ्या एका वडीलधाऱ्या स्नेह्यांना ते मुळीच रुचत नाही. “आपल्याच अंगणात उभे राहून शेजाऱ्याचे वकीलपत्र कशाला घेता?” असे ते मला विचारतात. मी त्यांना सांगतो, की आठशे वर्षांपूर्वीच्या एका कवीसाठी दोन गावे अजून भांडताहेत, ही गोष्ट कळल्यावर पाहुणा दरीकडे जरा अधिक वेळ पाहत राहतो. तरी त्यांचे समाधान होत नाही, आणि आमचा स्नेहही तुटत नाही.

मला स्वतःला फार जवळचा वाटतो तो खोलेश्वराचा थांबा. खोलेश्वर हा देवगिरीच्या सिंघण यादवाचा सेनापती. त्याच्या नावाचे देऊळ गावात आहे, त्याचे नाव शाळेतल्या मुलांनाही ठाऊक असते. पण ह्याच गावातल्या शके ११६२ च्या, म्हणजे १२४० सालच्या, शिलालेखात दुसरी एक हकीकत आहे. खोलेश्वराचा मुलगा राम गुजरातच्या स्वारीत लढता लढता पडला. त्याची बहीण लक्ष्मी. तिने भावाच्या नावाने रामनारायणाचे देऊळ बांधविले. बाप आणि मुलगा दोघेही लढवय्ये होते, त्यांचे पराक्रम लेखांत कोरलेले आहेत. पण ते आपल्याला वाचता येतात ते मागे राहिलेल्या ह्या मुलीमुळेही. मी आलेल्यांना, विशेषतः बायकांना, तिचे नाव मोठ्याने सांगतो. भाऊबीजेच्या सुमारास आलेल्या एका बाईंनी ती हकीकत ऐकली आणि त्या काही वेळ देवळाच्या पायरीवर बसून राहिल्या. त्यांनी काही सांगितले नाही, मीही विचारले नाही.

पुढे दासोपंत. चाळीस फूट लांब आणि चार फूट रुंद अशा कापडी पासोडीवर त्यांनी ‘पंचीकरण’ लिहिले. कागद महाग असेल, किंवा विषय कागदावर मावत नसेल. काही का असेना, पासोडी पांघरायची असते असे समजणाऱ्या मुलांना तिच्यावर ग्रंथ लिहिला हे ऐकून मोठी मौज वाटते. आणि मग छावणीचा भाग. निजामाच्या अमदानीत ह्या गावाचे नाव मोमिनाबाद होते, आणि हैदराबाद कंटिंजंटच्या घोडदळाचा तळ इथे असे. हे नाव काही पाहुण्यांना ऐकायला नको असते. पण माझ्या आजोबांच्या पिढीच्या कागदांवर तेच आहे. गावाने जे नाव इतकी वर्षे अंगावर वागवले ते आज सांगायला लाजायचे, हे मला काही जमत नाही.

असे हे माझे थांबे. त्यांच्याविषयी मला काही निराळे सुचले ते एका पत्रामुळे. माझा एक जुना विद्यार्थी जपानात नागोया शहरी इंजिनिअर आहे. सुट्टीत तो मागोमे ते त्सुमागो ही आठ किलोमीटरची डोंगरवाट चालून आला आणि त्याने मला लांबलचक पत्र पाठवले, सोबत छायाचित्रे. “गुरुजी, तुम्ही आम्हाला हत्तीखान्यात नेत होता त्याची आठवण झाली,” असे त्याने लिहिले होते. वाटेत जागोजाग घंटा टांगलेल्या आहेत. अस्वले दूर राहावीत म्हणून येणाऱ्या-जाणाऱ्याने त्या वाजवायच्या. ह्याने प्रत्येक घंटा वाजवली, एकही अस्वल दिसले नाही, आणि त्याची त्याला थोडी खंत वाटली.

ही दोन्ही गावे नाकासेन्दो नावाच्या जुन्या हमरस्त्यावरची. एदो, म्हणजे आजचे तोक्यो, आणि क्योतो ह्या दोन शहरांमधला हा डोंगरातला मार्ग. त्यावर एकोणसत्तर टप्प्याची गावे होती. १६३५ पासून शोगुनाने असा नियम घातला, की निरनिराळ्या प्रांतांच्या सरदारांनी आळीपाळीने एदोला येऊन राहावे. त्यामुळे सरदारांच्या मिरवणुकी सतत रस्त्यावर असत. टप्प्याच्या गावात सरदारासाठी एक मोठा वाडा राखलेला असे, इतरांसाठी धर्मशाळेसारखी घरे, घोडे बदलण्याची सोय, हमाल. १८६८ साली शोगुनाची राजवट संपली, आणि १९११ साली त्या खोऱ्यातून जाणारी रेल्वे पुरी झाली. रस्ता ओस पडला, गावे विसरली गेली. मागोमे तर १८९५ च्या आगीत बरेचसे जळालेही होते. त्सुमागो नुसते गरीब झाले, आणि गरिबीमुळेच जुने राहिले. जुनी घरे पाडून नवी बांधायला तिथे कोणाकडे पैसा नव्हता. १९६८ पासून गावकऱ्यांनी घरे दुरुस्त करायला घेतली, आणि १९७१ मध्ये सर्वांनी मिळून नियम केला: घर विकायचे नाही, भाड्याने द्यायचे नाही, मोडायचे नाही. विजेच्या तारा दिसणार नाहीत अशा लपवल्या. आज जगभरचे लोक तिथे चालायला जातात, आणि गावातली म्हातारी माणसे त्यांना घरे दाखवतात.

माझ्या विद्यार्थ्याला असाच एक वृद्ध वाटाड्या भेटला. त्याने सरदाराचा वाडा दाखवला, चूल दाखवली, धुराने काळे झालेले वासे दाखवले. मग गावाच्या टोकाशी, जिथे पाहण्यासारखे काहीच नव्हते, तिथे तो थांबला आणि डोंगरापलीकडे हात करून म्हणाला, ओझी वाहायला माणसे तिकडून येत.

ह्या एका वाक्यामागे केवढा इतिहास आहे, तो मी नंतर वाचला. मार्गावरच्या गावाने सरकारी स्वाऱ्यांसाठी ठरावीक माणसे आणि घोडे तयार ठेवायचे असा दंडक होता; नाकासेन्दोवर तो सामान्यतः पन्नास माणसे आणि पन्नास घोडे असा असे. तेवढ्याने भागले नाही की आसपासच्या खेड्यांवर वेठ पडे. पेरणी असो की काढणी, निरोप आला की शेत टाकून ओझे उचलायला यायचे. हा बोजा वाढवणार अशी बातमी पसरली तेव्हा, १७६४ च्या अखेरीस, एदोच्या बाजूच्या प्रांतांत नाकासेन्दोच्या आसपासचे शेतकरी प्रचंड संख्येने उठले. १८६१ साली सम्राटाची बहीण शोगुनाशी लग्न करायला ह्याच वाटेने गेली. हजारो माणसांची ती मिरवणूक खेडुतांच्या खांद्यांवरून पार पडली. शिमाझाकी तोसोन हा मोठा कादंबरीकार मागोमेचाच, सरदारांचा मुक्काम सांभाळणाऱ्या घराण्यातला. आपल्या वडिलांच्या आयुष्यावर त्याने १९२९ ते १९३५ ह्या काळात एक अवाढव्य कादंबरी लिहिली. तिचा नायक वाड्याचा मालक आहे, पण त्याचा जीव ओझी वाहणाऱ्या आणि जंगलातून लाकूडफाटा आणणाऱ्या लोकांत गुंतलेला आहे. नवी राजवट आली म्हणजे ह्या लोकांचे भले होईल अशी त्याची आशा होती. ती फळली नाही, त्याचे पद गेले, आणि शेवटी त्याला वेड लागले. मी कादंबऱ्या लिहितो म्हणून सांगतो: कथा कोणाच्या दारातून सुरू करायची हे एकदा ठरले, म्हणजे पुढची निम्मी माणसे दिसणार की नाहीत हे तिथेच ठरून जाते. तोसोनने वाड्याच्या दारातून सुरुवात केली, आणि तरी तो दाराबाहेर पाहत राहिला.

आता आपल्याकडे वळतो. वेठीचा अर्थ मराठी माणसाला जपानकडून शिकावा लागत नाही. “मला वेठीस धरू नका” असे आपण रोज बोलतो. बोलताना मनात येत नाही, की हे शब्द आले कुठून. अंमलदार गावात आला, की त्याचे गाठोडे पुढच्या गावापर्यंत न्यायला कोणाला तरी बोलावले जाई, आणि तो कोणीतरी बहुधा गावकुसाबाहेरचा असे. मजुरी बहुधा मिळत नसे, नाही म्हणायची सोय नसे. १९२८ साली डॉ. आंबेडकरांनी मुंबईच्या कायदेमंडळात महार वतनाविषयी विधेयक आणले ते ह्याच जुलमाचे मूळ खणण्यासाठी. निजामाच्या राज्यातही बिगार होतीच. ज्या देवळांपाशी आणि छावणीपाशी मी थांबतो, तिथवर दगड, धान्य, दाणागोटा कोणाच्या तरी पाठीवरून आलेला आहे. त्या पाठीचे देऊळ नाही, शिलालेखही नाही. ज्याचे काही उरले नाही त्याच्यासाठी थांबायचे कुठे?

आणि हा प्रश्न जुन्या काळापुरता असता तर दिवाळी अंकात तो मांडण्याची एवढी निकड नव्हती. बीड जिल्ह्यातून दर वर्षी दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या निघतात, पश्चिम महाराष्ट्रात जातात, कर्नाटकात जातात, आणि उन्हाळा लागला की परततात. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरतात. मुकादमाकडून आधी उचल घेतलेली असते; ती फेडण्यासाठी ऊस तोडायचा, मोळ्या बांधायच्या, रात्री-अपरात्री वाहन आले की भरून द्यायचे, आणि कारखान्याच्या आसपास कोपीत राहायचे. ह्या कामाने बायकांच्या शरीराचे काय होते, हे महाराष्ट्राला ठाऊक नव्हते असे नाही. गर्भाशय काढून टाकण्याच्या शस्त्रक्रियांची चौकशी करायला २०१९ साली शासनाला समिती नेमावी लागली. मला शाळामास्तर म्हणून हे निराळ्या प्रकारे कळते. दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा उघडते, मी हजेरी घेतो, आणि काही नावांना उत्तर येत नाही. सरकारने हंगामी वसतिगृहे काढली, काही मुले आजीपाशी राहतात, हे खरे. तरी ती नावे वाचताना मी थोडा थांबतो, आणि वर्गातली बाकीची मुलेही थांबतात.

मुकुंदराजांकडे जाणाऱ्या आमच्या वाटेच्या कडेला अशाच मजुरांची एक वस्ती आहे. आम्ही तिच्यावरून जात असू. पत्र वाचल्यावर मनात आले, की इथे थांबावे, दोन शब्द सांगावे. देवळे ज्या वाटेने बांधली गेली ती वाट अजून चालूच आहे, एवढे तरी पाहुण्यांना कळेल. ते कसे करावे ह्याचा विचार चालू असतानाच, एका रविवारी, आलेल्या मंडळींतल्या एका सद्गृहस्थांनी तिथे आपणहून कॅमेरा वर केला. समोर एका घरापुढे बाजेवर भांडी, गोधडी, पत्र्याची पेटी अशी बांधाबांध चालली होती. चित्र चांगले आले असते. बांधाबांध करणारी बाई पदर सावरून पुढे आली.

“फोटू कशाला काढायलेत? भांडी बघायचीत का आमची? देवाचा काढा की.”

गृहस्थांनी कॅमेरा खाली घेतला. भले माणूस होते, चेहऱ्यावर ओशाळले. ती माझ्याकडे वळली. तिचा मुलगा माझ्या शाळेत होता.

“गुरुजी, तुमच्या घरला आम्ही आलो तर चूल दाखवताल का?”

“नाही दाखवणार,” मी म्हणालो.

“मग?”

एवढेच बोलून ती पुन्हा कामाला लागली. तिला वेळ नव्हता.

हा ‘मग’ मी बरेच दिवस घेऊन फिरलो. माझ्या वडीलधाऱ्या स्नेह्यांना सांगितले तेव्हा ते खूशच झाले. “मी म्हणत नव्हतो? गावाची अब्रू असते. पाहुणा देव पाहायला येतो, दारिद्र्य नव्हे. बीड म्हटले की वर्तमानपत्रांत काय येते ते तुम्ही वाचताच. त्यात तुम्ही आणखी भर कशाला घालता?” त्यांच्या बोलण्यात तथ्य आहे. आमच्या जिल्ह्याचे दुष्काळ, त्याची भांडणे, त्याची मजुरी, ह्यांपलीकडे बाहेरच्यांना काही माहीत नसते. दोन प्रकारचे पाहुणे मी पाहतो. एकाला फक्त देऊळ पाहायचे असते, दुसऱ्याला फक्त दुःख; आणि दुसरा पहिल्यापेक्षा सुसंस्कृत असतोच असे नाही. पण स्नेह्यांच्या म्हणण्यात एक गोम आहे. ते ज्या अब्रूविषयी बोलतात ती कोणाची? त्या बाईने आपली अब्रू आपण राखली. तिला ना त्यांची मदत लागली, ना माझी. ते राखू पाहतात ती आमची, वाड्यात राहणाऱ्यांची अब्रू आहे. तिला धक्का लागू नये म्हणून त्या बाईने अदृश्य राहावे, असे ते सुचवतात.

दुसऱ्या बाजूने माझ्या शाळेतला एक तरुण सहकारी बोलला. त्याचे म्हणणे, थांबलेच पाहिजे, फोटोही काढले पाहिजेत, जगाला दिसले पाहिजे. लाज वाटायची तर ती साखर खाणाऱ्यांना वाटावी. त्याचा राग मला आवडतो. पण ज्याची चूल आहे त्याला न विचारता ती जगाला दाखवायची, मग हेतू कितीही चांगला असो, हे कामही त्या जुन्या अंमलदाराच्या जातीचेच नाही का? त्याने ओझे उचलायला लावले. आपण आपला मुद्दा उचलायला लावतो. मजुरी दोघेही देत नाहीत.

मला वाटते, ह्या दोघांच्याही बोलण्यात एक फरक सुटतो, आणि तो त्या बाईने बरोबर पकडला होता. तिने चूल म्हटले. चूल तिची आहे. ती दाखवायची की नाही हे ती ठरवणार, जसे मी माझ्या चुलीचे ठरवतो. त्सुमागोच्या लोकांनी आपल्या घरांविषयी जे नियम केले ते आवडोत न आवडोत, अडलेल्या माणसाने घर विकायचेही नाही हा नियम मला जरा कठोरच वाटतो, पण ते नियम त्या घरांत राहणाऱ्यांनी केले होते. मात्र वाट एकट्या तिची नाही. तिचे काम, तिची उचल, तिचा हंगाम हे झाकल्या घरातले गुपित नव्हे. ह्या दिवाळीत तुमच्या माझ्या शंकरपाळ्यांत आणि करंज्यांत जी साखर आहे, तिच्यात तिच्या कोयत्याचा वाटा असू शकतो. तेवढ्यापुरते तिच्या घराशी आपले नाते आहेच, आपण मानो न मानो. त्याविषयी गप्प बसायला तिने मला सांगितले नव्हते. तिने सांगितले ते एवढेच, की आम्हाला वस्तू करू नका. तेव्हा पाहण्याला बंदी आहे, ऐकण्याला नाही. आणि ऐकायचे तर बोलणारा आपण होऊन बोलायला हवा, त्याच्या सवडीने, त्याला हवे तेवढे. दाखवणाऱ्याने तिथे बाजूला व्हायचे. हे सांगायला सोपे आहे. गेली कित्येक वर्षे प्रत्येक थांब्यावर मीच बोलत आलो आहे, आणि मला बोलायला फार आवडते, हे माझे विद्यार्थी शपथेवर सांगतील.

शेवटी मी त्या वस्तीतल्या एका वृद्ध गृहस्थांकडे गेलो. सगळे त्यांना मामा म्हणतात. तरुणपणी ते बैलगाडी घेऊन कारखान्यावर जात. आता पाठ चालत नाही म्हणून घरी असतात आणि नातवंडे सांभाळतात. पाहुण्यांशी बोलाल का, असे मी विचारले. त्यांनी आधी तंबाखू मळली.

“काय बोलायचं?”

“तुम्हाला वाटेल ते.”

“दुपारचं नाही बोलणार,” ते म्हणाले. “दुपारचं बसून सांगितलं की गोष्ट होती. यायचं असंल तर टोळी निघती तव्हा या. पहाटं गाडी भरत्यात. तव्हा सांगतो.”

“आणि फोटो?”

“फोटू नाही. अन् रिकाम्या हातानं उभं राहायचं नाही कुणी. पेट्या चढवायला हात लागतो.”

त्या बाईला, तिला मी आता आक्का म्हणतो, मी हे सांगितले. ती हसली, आणि तिची पेटी सगळ्यांत जड आहे, त्यात जाते घातले आहे, असे म्हणाली. जाते कशाला नेता असे मी विचारले, तर कारखान्यावर पीठ चांगले मिळत नाही, असे उत्तर आले. हे मला ठाऊक नव्हते.

टोळी दिवाळीच्या पाडव्यानंतर निघणार असे मुकादमाने सांगितले आहे. दिवस एखादा मागे-पुढे होईल. मी नेहमीच्या लोकांना कळवले, तसेच ते कॅमेरावाले गृहस्थ होते त्यांनाही. पहाटे साडेतीनला वेशीपाशी जमायचे, जड कपडे घालायचे, कॅमेरा घरी ठेवायचा. आजपर्यंत नऊ नावे आली आहेत. त्यांतले पहिले नाव त्या गृहस्थांचे आहे. दोघांनी चहाची सोय आहे का असे विचारले आहे, आणि माझे वडीलधारे स्नेही आपण येणार नाही असे दोनदा येऊन सांगून गेले; दुसऱ्या वेळी जाताना त्यांनी जात्याचे वजन साधारण किती असते, अशी चौकशी केली.